एकही नॉर्म नसताना ग्रँडमास्टर? (दिव्या देशमुख, आणि तिच्या आधीचे आपले सगळे)

उंटावरचा शहाणा (धागाकर्ता)

काल बाटुमीचा बुद्धिबळाचा टायब्रेक कोणी कोणी बघितला? मी ऑफिसात एका कानात इअरफोन खुपसून बघत होतो, समोर एक्सेल उघडं ठेवलेलं, आणि दुसऱ्या रॅपिड, म्हणजे जलद डावात शेवटी हंपी घड्याळाच्या कचाट्यात चुकली तेव्हा माझ्या तोंडून मोठ्याने "गेली!" असं निघालं. शेजारच्याला वाटलं विकेट गेली.

तर ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. २८ जुलै २०२५, जॉर्जियातलं बाटुमी, महिला विश्वचषकाची फायनल, दोन्हीकडे भारतीय. एकीकडे ३८ वर्षांची कोनेरू हंपी, दुसरीकडे आपल्या नागपूरची १९ वर्षांची दिव्या देशमुख. क्लासिकलचे (लांब वेळेचे) दोन्ही डाव बरोबरीत, रॅपिडचा पहिलाही बरोबरीत, आणि दुसरा दिव्याने काळी मोहरी घेऊन मारला. नंतर आईला मिठी मारून जी रडली ती पोरगी, तो व्हिडिओ एव्हाना सगळ्यांच्या व्हॉट्सअ‍ॅपवर फिरून झाला असेल.

धागा काढायचं कारण वेगळं आहे. जेवणाच्या सुट्टीत एक सहकारी म्हणाला की हिचं रेटिंग (खेळाच्या ताकदीचा आकडा) २५०० च्या खाली, एकही ग्रँडमास्टर नॉर्म (किताबासाठी लागणारी ठरावीक कामगिरी) नाही, मग ग्रँडमास्टर कशी काय? बायकांना सवलतीत वाटतात का किताब? मला तेव्हा पटकन उत्तर सुचलं नाही, म्हणजे नियम माहीत होता की महिला विश्वचषक जिंकला की थेट किताब मिळतो, पण "का" ते सांगता येईना. जाणकारांनी लिहा. आणि जाता जाता महाराष्ट्रातल्या बाकीच्या ग्रँडमास्टर लोकांबद्दल पण लिहा, कारण मला थिपसे, कुंटे आणि विदित सोडून चौथं नाव आठवेना ही पण एक लाजच.


वऱ्हाडी ठेचा

काहून लाज वाटून घेता भाऊ, आम्ही सांगतो नं. एकट्या नागपूरचीच मोजा, रौनक साधवानी २०१९ मध्ये झाला, वय १३. संकल्प गुप्ता २०२१ मध्ये, सर्बियात जाऊन २४ दिवसांत तिन्ही नॉर्म घेऊन आला, आम्ही इथे २४ दिवसांत कूलरचा पंप बदलून आणत नाही. आणि आता दिव्या. अमरावतीचा स्वप्निल धोपाडे धरा, तो २०१५ चा. विदर्भाला काय पाहिजे आणखी, पाणी सोडून.

आणि दिव्या काल आकाशातून नाही पडली बाप्पा. दहा वर्षांखालची जगज्जेती डर्बनला २०१४ मध्ये, बारा वर्षांखालची २०१७ मध्ये ब्राझीलला. २०२३ मध्ये अल्माटीला आशियाई विजेती. २०२४ मध्ये गांधीनगरला ज्युनिअर मुलींची जगज्जेती, ११ पैकी १० गुण. त्याच वर्षी बुडापेस्टला ऑलिम्पियाडमध्ये तिसऱ्या पटावर ११ पैकी साडेनऊ, संघाचं सोनं वेगळं आणि पटाचं वेगळं. आईवडील दोघं डॉक्टर. आमच्या इकडे सगळे म्हणत की पोरगी डॉक्टर होईल.


घोडा अडीच घरं

अभिनंदन दिव्या!! 🎉 बाकी चर्चा चालू द्या, वाचतोय.


ठाण्याचा हत्ती

नियमाचं मी सांगतो, मी आर्बिटरची, म्हणजे पंचाची परीक्षा दिलेली आहे (पास झालो, पण खुर्च्या लावण्यापलीकडे अजून बोलावणं आलेलं नाही).

नेहमीचा रस्ता असा. एकदा तरी रेटिंग २५०० ला टेकलं पाहिजे, आणि नॉर्म लागतात, साधारण तीन, मिळून किमान २७ डाव. नॉर्म म्हणजे काय, तर साधारण नऊ फेऱ्यांच्या स्पर्धेत तुमची कामगिरी २६०० रेटिंगच्या खेळाडूसारखी झाली पाहिजे, समोरच्यांची सरासरी किमान २३८० पाहिजे, त्यात निदान तीन ग्रँडमास्टर पाहिजेत, शिवाय परदेशी खेळाडू किती पाहिजेत त्याचेही नियम. शेवटच्या फेरीत अर्धा गुण कमी पडला की सगळं मुसळ केरात. आणि गंमत म्हणजे नॉर्म आहेत पण रेटिंग नाही असंही होतं. चेन्नईच्या वैशालीचं तेच, तिन्ही नॉर्म हातात, २५०० होईना. शेवटी डिसेंबर २०२३ मध्ये स्पेनच्या एका ओपनमध्ये (बायका-पुरुष सगळ्यांना खुली स्पर्धा) आकडा ओलांडला तेव्हा ग्रँडमास्टर झाली.

दुसरा रस्ता थेट किताबाचा, आणि तो फक्त बायकांसाठी नाही हे तुमच्या सहकाऱ्याला सांगा. ज्युनिअर विश्वविजेतेपद एकट्याने जिंकणाऱ्या मुलालाही थेट मिळतो. महिलांमध्ये विश्वविजेती आणि विश्वचषक विजेती. चीनची तान झोंगयी २०१७ ला विश्वविजेती झाली आणि त्यावर ग्रँडमास्टर झाली, तिला कुणी विचारलं नाही नॉर्म कुठेत म्हणून. आणि दिव्याने सेमीफायनलला हिलाच घरी पाठवलं. पंधरावं मानांकन होतं दिव्याला. वाटेत दुसरी मानांकित झू जिनर, मग हरिका, मग तान, मग हंपी. दुसऱ्या मानांकितपासून आपल्याच दोन सीनियर ग्रँडमास्टरपर्यंत सगळ्यांना ओलांडून आली, आता सवलत म्हणायची असेल तर म्हणा बापडे.

अजून एक गोंधळ. पेपरात "वुमन ग्रँडमास्टर" आणि "ग्रँडमास्टर" एकच समजून छापतात. वुमन ग्रँडमास्टर हा वेगळा किताब, २३०० रेटिंगचा, तो दिव्याकडे २०२१ पासून आहे. आता मिळालाय तो तोच जो आनंदकडे आहे. स्त्री-पुरुष मिळून भारताची ८८ वी ग्रँडमास्टर.


रोखठोक

मी जरा उलट बोलतो, मारू नका. नियम आहे हे मान्य, पण नियम बरोबर आहे का हा प्रश्न आहे. विश्वचषकात समोर फक्त महिला होत्या, त्यांचं रेटिंग जास्तीत जास्त २५५० च्या आसपास. ओपनमध्ये नॉर्म काढणारं एखादं नाशिकचं नाहीतर कोल्हापूरचं पोरगं पोलंड, सर्बिया, हंगेरी करत फिरतं, २६०० ची कामगिरी तीनदा करतं, आणि इकडे एक स्पर्धा जिंकली की तोच किताब. दिव्या भारीच आहे, वाद तिच्याशी नाही. पण मोजमाप एकच असायला हवं ना?

आणि उद्या तिलाच लोक टोमणा मारणार की तुला फुकट मिळालं. तिने तीन नॉर्म सहज काढले असते.


शिवाजी पार्कची आजी

रोखठोक, तुमचं मोजमाप एकच असावं हे ऐकून हसू आलं, कारण मी ते मोजमाप दोन असलेलं बघितलेलं आहे.

माझं वय ६८. खाडिलकर भगिनी आमच्या पिढीच्या. वासंती, जयश्री, रोहिणी. महिलांची राष्ट्रीय स्पर्धा १९७४ ला सुरू झाली आणि पहिली दहा वर्षं विजेतेपद या एकाच घरात फिरत होतं, हिच्याकडून तिच्याकडे, जसा स्वयंपाकघरातला चहाचा कप. रोहिणी १९७६ ला १३ वर्षांची असताना जिंकली. आणि मग ती पुरुषांच्या स्पर्धेत खेळायला बसली तर केवढा गहजब! मुलगी कशी खेळते पुरुषांत म्हणून आक्षेप घेतले, प्रकरण हायकोर्टापर्यंत गेलं, शेवटी जागतिक बुद्धिबळ संघटनेचे, म्हणजे फिडेचे तेव्हाचे अध्यक्ष मॅक्स युवे यांनी निकाल दिला की बाईला पुरुषांच्या स्पर्धेतून वगळता येणार नाही. आज तुम्ही सगळे "ओपन" म्हणता ना, ते ओपन असं उघडलेलं आहे.

पुढे रोहिणी १९८१ ला हैदराबादला आशियाई विजेती झाली. जयश्री १९७९ ला भारताची पहिली वुमन इंटरनॅशनल मास्टर (वुमन ग्रँडमास्टरच्या एक पायरी खालचा किताब), नंतर नवाकाळच्या संपादक झाल्या ते सगळ्यांना माहीत असेल. मग भाग्यश्री साठे, लग्नानंतरच्या ठिपसे, पाच वेळा राष्ट्रीय विजेत्या. अनुपमा अभ्यंकर, पुढे गोखले, त्यांना १९८६ ला पद्मश्री मिळाली तेव्हा शाळकरी वय होतं. यातल्या एकीलाही पूर्ण ग्रँडमास्टर होता आलं नाही. बुद्धी कमी होती म्हणता का? नॉर्मच्या स्पर्धा बहुतेक सगळ्या युरोपात, जायला पैसे नाहीत, परकीय चलन मिळवायचं म्हणजे रिझर्व बँकेची दारं झिजवा, आणि "मुलगी एकटी कशी जाईल" हे वर. त्या काळी एखादा थेट रस्ता असता तर कदाचित हा धागा तुम्ही चाळीस वर्षं आधी काढला असता.

जगातली पहिली महिला ग्रँडमास्टर नोना गाप्रिंदाश्विली, तीही जॉर्जियाचीच. तिला १९७८ ला किताब दिला तेव्हाही नॉर्मचं गणित काटेकोर पूर्ण नव्हतंच. आज कोणी तिला कमी ग्रँडमास्टर म्हणतं?


उंटावरचा शहाणा

आजी दंडवत. मला खरंच माहीत नव्हतं हायकोर्टाचं. म्हणजे दिव्या ही महाराष्ट्रातली पहिली महिला ग्रँडमास्टर, बरोबर ना? हंपी, हरिका आंध्रच्या, वैशाली चेन्नईची.


ठाण्याचा हत्ती

बरोबर. भारतात चौथी, महाराष्ट्रात पहिली. आणि आजींनी "ठिपसे" लिहिलंय आणि धागाकर्त्याने "थिपसे", आता यावर वेगळा धागा नको.


शिवाजी पार्कची आजी

आमच्याकडे ठिपसेच म्हणतात.


पेठेतला प्यादा

नॉर्मच्या खर्चाचं कुणी बोललं नाही म्हणून लिहितो, माझा मुलगा खेळतो, रेटिंग १८०० च्या जवळपास लटकलंय गेली दोन वर्षं.

लोकांना वाटतं बुद्धिबळ स्वस्त, एक पट आणि ३२ सोंगट्या. अहो पट दोनशे रुपयांना येतो, पुढचं बोला. एन्ट्री फी, प्रवास, हॉटेल पाच रात्री, कोचची तासाची फी, आणि आईबापापैकी एकाची रजा. हॉलमध्ये पालकांना सोडत नाहीत, मोबाईल बाहेर, मग आम्ही पन्नास-साठ पालक मंगल कार्यालयाच्या बाहेर सतरंजीवर बसून डबे सांभाळतो आणि दार उघडलं की चेहऱ्यावरून निकाल ओळखतो. पोरगं मान खाली घालून सरळ पाण्याच्या बाटलीकडे आलं की हरलं. एकदा एका स्पर्धेत आयोजकांनी दुपारचा राऊंड तीन तास उशिरा सुरू केला, रात्री साडेदहाला डाव संपला, पोरगं वेफर्सवर. कुणाला सांगता.

हे सगळं रुपयात. नॉर्मसाठी हेच युरोमध्ये करायचं. बुडापेस्टला नॉर्म देणाऱ्या छोट्या बंद स्पर्धा वर्षानुवर्षं चालत आल्यात, दहा जण बसवायचे, त्यात हवे तेवढे ग्रँडमास्टर, हवे तेवढे परदेशी. सगळं नियमात. म्हणून रोखठोकभाऊ, तुमच्या "एकच मोजमापा"त बापाचं बँक बॅलन्स पण मोजलं जातं बरं का. दिव्याला थेट मिळालं याचं मला तर उलट बरं वाटलं. नॉकआऊटमध्ये समोरचा कोण असावा हे तुम्हाला ठरवता येत नाही.

कुंटेंबद्दल पण लिहा कुणीतरी. आनंद १९८८, दिब्येंदू बरुआ १९९१, मग तिसरे प्रवीण ठिपसे १९९७ आणि चौथा अभिजित कुंटे २०००. देशातल्या पहिल्या चार ग्रँडमास्टरमधले दोन आपले! हे पुण्यातल्या पुणेकरांना पण माहीत नसतं, म्हणजे बघा. ठिपसे सात वेळा राष्ट्रीय विजेते, ग्रँडमास्टर झाले तेव्हा अडतिशीत होते, आज त्या वयाला लोक यूट्यूब चॅनल काढून रिटायर होतात. आणि कुंटे सर बुडापेस्टला सोनं जिंकलेल्या महिला संघाचे कप्तान होते, म्हणजे दिव्याचे पण. पुण्याची सौम्या स्वामिनाथन २००९ ला ज्युनिअर मुलींची जगज्जेती झालेली, ईशा करवडे आहे, सांगलीची स्वाती घाटे आहे. आजींच्या यादीत या पण घ्या, मधला काळ रिकामा नव्हता.


गोदाकाठ

नाशिकवाल्यांना कोणी विचारेना म्हणून स्वतःच आलो. विदित गुजराथी! हेही डॉक्टरांचंच घर (हे काय आहे, डॉक्टर आईबापांची पोरं पटावर?). २००८ ला चौदा वर्षांखालचा जगज्जेता, २०१३ ला ग्रँडमास्टर, आणि २०१७ ला २७०० ओलांडणारा चौथा भारतीय, आनंद, शशिकिरण आणि हरिकृष्णनंतर.

पण माझ्यासाठी विदित म्हणजे २०२३ चा ग्रँड स्विस. आइल ऑफ मॅन, अकरा फेऱ्या, जगातले निम्मे शिर्ष खेळाडू. पहिल्याच फेरीत हरला. पहिल्याच! डच एर्विन लामीकडून. मी तर स्पर्धा बघणं सोडून दिलं होतं, म्हटलं झालं नेहमीप्रमाणे, विदित छान खेळतो पण ऐनवेळी कच खातो असं आम्हा नाशिककरांचं मत झालेलं. पुढच्या दहा डावांत साडेआठ गुण काढले या माणसाने आणि स्पर्धा एकट्याने जिंकली. त्यावर जगज्जेत्याचा आव्हानवीर ठरवणाऱ्या कँडिडेट्सला गेला, टोरांटो २०२४, आणि तिथे अमेरिकेच्या नाकामुराला दोन्ही वेळा हरवलं. पहिल्या वेळी काळी मोहरी असताना राजापुढच्या प्याद्यावर सरळ उंट फेकला, नाकामुरा बघतच राहिला. स्पर्धेत १४ पैकी ६ गुण, सहावा आला, जिंकला गुकेश. पण नाकामुराचे ते दोन डाव नसते तर पहिला नंबर कुणाचा असता याचा हिशोब करून बघा, नाकामुरा गुकेशच्या अर्ध्या गुणाने मागे होता.

लॉकडाऊनमध्ये त्याने स्टँडअपवाल्यांना घेऊन ऑनलाइन जे काही केलं त्याने माझ्या बायकोला बुद्धिबळ कळायला लागलं. आता ती मला हरवते.


रोखठोक

आजी आणि पेठेतला प्यादा, तुमचे मुद्दे वजनदार आहेत, पैशाचा तर बिनतोड. तरी मी अर्धाच मागे हटतो. इतिहासातला अन्याय खरा, पण त्याची भरपाई आजच्या मोजपट्टीत करायची का? दिव्या ओपनमध्ये तगड्या पुरुषांसमोर कशी खेळते ते बघू, मग बोलू.


वऱ्हाडी ठेचा

बघू म्हणजे काय बे, तुम्ही वायलीच परीक्षा घेणार का तिची. राज्य सरकारने तीन कोटी दिले, नागपुरात सत्कार झाला, आणि हे अजून पेपर तपासून राह्यले.


मांडवीकाठी

गोव्यातून हात वर करते. आमचा लिऑन मेंडोन्सा विसरलात सगळे. २०२० च्या मार्चमध्ये स्पर्धेसाठी युरोपात गेला वडिलांबरोबर आणि विमानं बंद झाली. हंगेरीत अडकले. कोणी असतं तर हॉटेलात बसून रडलं असतं, हा पोर मिळेल ती स्पर्धा खेळत सुटला आणि डिसेंबरच्या शेवटाक इटलीत तिसरा नॉर्म काढून ग्रँडमास्टर होऊनच परतला, १४ वर्षांचा. व्हायोलिन पण सुंदर वाजवतो. २०२४ मध्ये नेदरलँड्सच्या विक आन झीला चॅलेंजर्स गट जिंकला. त्याच्याआधी अनुराग म्हामल गोव्याचा पहिला ग्रँडमास्टर, आणि भक्ती कुलकर्णी वुमन ग्रँडमास्टर आहे. एवढ्याशा राज्याला एवढं पुरे.

पेठेतल्या प्याद्यांचं खर्चाचं म्हणणं मात्र खरं. लिऑनचं कौतुक करताना नऊ महिने परदेशात राहण्याचा खर्च कुणी काढला हे लोक विचारत नाहीत.


उंटावरचा शहाणा

धागा वर काढतोय, सप्टेंबर संपत आला. रोखठोक, कुठे आहात? समरकंदचा ग्रँड स्विस बघितलात का? दिव्याला महिला गटात बसता आलं असतं, तरी ती ओपन गटात खेळली. इजिप्तच्या बासेम अमीनला हरवलं आणि जगज्जेत्या गुकेशला बरोबरीत रोखलं. महिला गट वैशालीने सलग दुसऱ्यांदा जिंकला ते वेगळंच.


रोखठोक

बघितलं. अमीनचा डाव दोनदा बघितला. ठीक आहे, तिच्याबद्दलचा मुद्दा मागे घेतो. नियमाबद्दलचा नाही.


शिवाजी पार्कची आजी

एवढंही पुष्कळ झालं. आमच्या वेळी कोर्टात जावं लागलं होतं.


मांडवीकाठी

नोव्हेंबरचा वृत्तांत. विश्वचषक आमच्या हडफड्याला आला आणि मी तीन दिवस रजा टाकली. २०६ खेळाडू, नॉकआऊट, रोज संध्याकाळी कुणीतरी बॅग ओढत रिसॉर्टच्या गेटमधून बाहेर. चषकाला आनंदचं नाव दिलेलं. दिव्याला वाइल्ड कार्ड होतं पण पहिल्याच फेरीत गेली, गुकेश तिसऱ्या फेरीत गेला, विदित पण तिसऱ्यात. कोलकात्याच्या दीप्तायन घोषने रशियाच्या नेपोम्नियाचीला बाद केलं, त्या दिवशी काही वेळ कुणालाच खरं वाटेना. आपल्यांपैकी अर्जुन एरिगैसी एकटा क्वार्टर फायनलपर्यंत टिकला. शेवटी जिंकला उझबेकिस्तानचा सिंदारोव्ह, वय १९. दिव्याने बाटुमी मारली तेव्हाचं तिचं वय पण तेच.

एक सांगायचं राहिलं. दिव्या हरली त्या दिवशी बाहेर कुडचड्याहून आलेल्या दोन शाळकरी मुली वहीवर सही घ्यायला थांबल्या होत्या, मोठी आठ-नऊ वर्षांची. मी म्हटलं अगं आज ती हरली, नको आता त्रास देऊ. तर मोठी म्हणाली, हरली तर काय झालं, ग्रँडमास्टर आहे ना.


पेठेतला प्यादा

वा. आमच्या चिरंजीवांचे १८१२ झालेत. उद्या साताऱ्याला निघतोय, पाच रात्री. कुणी सतरंजी आणणार असेल तर कळवा, आमची फाटलीय.